आंघोळीची रीळ

॥ श्री मन्मथस्वामी प्रसन्न ॥

पांढरवाडी, ता. २ एप्रिल १९८३

चि. मन्मथ यास अक्काचे आशीर्वाद.

तू हिमायतनगरला मावशीकडे पोचलास, असं मुदखेडच्या गाडीत भेटलेल्या माणसानं आमच्या दुकानात येऊन सांगितलं. मी देवापुढं दिवा लावला आणि मगच तुला शिव्या दिल्या. अंगावरच्या कपड्यानिशी पळालास. मागं वळून बहिणीचं दार तरी बघायचं होतंस.

तुला कुणी तिखटमीठ लावून सांगायच्या आत मीच सगळं लिहिते. पाझर तलावाच्या कामावर खडी फोडणाऱ्या माणसांना शिमग्याच्या सणाला जरा हसवावं म्हणून मुकादमानं तुला बोलावलं. चांद वर यायच्या आत तू सिनेमाचा पडदा बांधलास. पहिल्या रिळीला माणसं अशी हसली की सुजलेले हात मांडीवर आपटून घेत होती. तिथंच थांबायचं होतंस. पण तू ती आंघोळीची रीळ लावलीस. तो ढेरपोट्या गोरा शेट, त्याचा तो पांढराशुभ्र टब, नळ सोडायला आलेला वाळका नोकर आणि त्याच्या हातात निघून येणारी नळाची चावी. लावलीस ती लावलीस, वर त्या शेटला नाव काय दिलंस? साहेबराव!

ही आपल्या घरची रीत आहे, मला शिकवू नको. मुक्या चित्राला आप्पा जीभ देत. जत्रेत तंबू लागला की त्या गावच्या चार मोठ्या माणसांची नावं आधी विचारून घ्यायची आणि पडद्यावरच्या गोऱ्यांना चिकटवायची. लाथ खाणाऱ्याला पाटलाचं नाव, चिखलात पडणाऱ्याला सावकाराचं. पाटील पुढं बाजेवर बसून पोट धरून हसायचा. पण ज्याच्या टँकरवर सगळं गाव घसा ओला करतं, त्यालाच दुष्काळात टबात बसवायचं?

तू मशीनचं हँडल फिरवत होतास, तुला माणसांची तोंडं दिसली नसतील. चावी निघाली, पाणी वाहायला लागलं आणि हसू थांबलं. टब भरून पाणी जमिनीवर आलं, जिन्यावरून उतरलं. तू आपला बोलतच होतास, "साहेबरावदादा, साबन कुठं ठिवलाय हो?" आमच्या शेजारची साखराबाई पुढं बसली होती, ती उठून ओरडली, "अगं, बंद करा गं कुणी ती तोटी!" मग मागून आवाज आला, "आमच्या वाटचं पानी हितं सांडून राहिला व्हय रं साहेबराव!" खरा साहेबराव खुर्चीवर बसला होता. लोक उठले, खुर्ची उलटली, पडद्याचा बांबू साखराबाईच्या पायावर आला आणि तू पळालास.

साखराबाईचा पाय मोडला नाही, पण भोपळ्यासारखा सुजला आहे. साहेबरावाला काही लागलं नाही. उताणा पडला, पाय वर झाले, एवढंच. पण ते बघून पोरं हसली. लागलं ते तेच.

इकडं बाकी ठीक आहे. टँकर आला नाही, बिघडला असेल. आमची सिंधु सासरहून बाळंतपणाला येणार आहे, अजून वेळ आहे. तुझे दाजी म्हणतात मशीन उकिरड्यावर टाक. मी ते रिळांसकट जुन्या लुगड्यात बांधून ठेवलं आहे. सध्या इकडं येऊ नको.

अक्का


॥ श्री मन्मथस्वामी प्रसन्न ॥

पांढरवाडी, ता. १३ एप्रिल

चि. मन्मथ यास आशीर्वाद.

तुझं कार्ड आलं. शिमग्यात घेतलेल्या नावाचा राग धरायचा नसतो, असं तू लिहितोस. आप्पांनी जन्मात कुणाची माफी मागितली नाही, असंही लिहितोस. दोन्ही खरं आहे. पण आप्पांच्या वेळी आडाला पाणी होतं.

टँकर बिघडला असेल, असं मी लिहिलं होतं. बिघडलेला नाही. रोज आपल्या वेशीवरून पलीकडच्या गावाला जातो. वेशीपाशी आला की हॉर्न वाजवतो. पहिल्या दिवशी बाया घागरी घेऊन धावल्या. आता हॉर्न ऐकून कुणी उठत नाही, फक्त लहान पोरं उठतात.

तुझे दाजी साहेबरावाकडे जाऊन आले. त्यानं चहा दिला, पाणी दिलं नाही. म्हणाला, "सिद्रामप्पा, तुमच्या मेव्हण्यानं मला सगळ्या गावापुढं उघडा केला."

"दादा, पडद्यावर तर गोरा मानूस होता."

"अन् नाव कुनाचं होतं?"

दाजींनी कप खाली ठेवला. मग तोच पुढं म्हणाला,

"त्याला हितं आना. चावडीपुढं माझ्या पाया पडू द्या. त्या दिवशी गाडी वळवतो. न्हाईतर गाव हाय आनी तुमी हाव."

दाजी लातूरला कचेरीतही गेले होते. जिल्हा नवा, कपाटं नवी. आपल्या गावच्या टँकरचे कागद जुन्या जिल्ह्यातून यायचे आहेत म्हणे. तिथला माणूस चांगला बोलला. कागद येईपर्यंत ठेकेदाराला विनंती करून बघा म्हणाला. ठेकेदार म्हणजे साहेबरावच.

गाव आमच्याशी भांडत नाही. भांडलं असतं तर बरं. नदीच्या वाळूत झरा खणून वाटीवाटीनं पाणी भरतो. तिथं मी गेले की बाया सरकून जागा देतात आणि गप्प होतात. काल तुळजाबाई एवढंच म्हणाली, "शिवगंगाक्का, भावाला म्हनावं, त्या टबातलं जरा धाडून दे." कुणी हसलं नाही. मीच हसले, कुणीतरी हसायला हवं म्हणून.

माझ्या हिशेबाच्या वहीत तेलामिठासारखं आता पाण्याचंही पान आहे. लिंगपूजेला तळहात ओला होईल एवढंच पाणी घेते आणि तेच तीर्थ म्हणून पिते. देवाला चालतं. पण हात जोडले की डोळ्यापुढं तो टब येतो. पूजेत मन लागत नाही. तुझ्यामुळं हे पण झालं.

तुझ्या पडद्यावर माणसं रोज पडतात. तोंडघशी पडतात, उठतात, टोपी झटकतात आणि चालू लागतात. त्यांचं काही जात नाही. तू एकदा नुसता वाक.

अक्का


॥ श्री मन्मथस्वामी प्रसन्न ॥

पांढरवाडी, ता. २७ एप्रिल

चि. मन्मथ,

आज तुला खरं लिहायला बसले आहे. सिंधु येणार आहे असं मी लिहिलं होतं. ती इथंच आहे. तू पडदा बांधत होतास, तेव्हा ती माजघरात पाय पसरून बसली होती. पोटुशीनं गर्दीत येऊ नये म्हणून मी तिला बाहेर सोडलं नाही. दिवस भरत आले आहेत. तुला घाबरवायचं नव्हतं म्हणून लिहिलं नाही. आता घाबर.

परवा मी झऱ्यावर होते. दाजी बाजाराला गेले होते. सिंधु एकटी घरी, तर ही बया लहान घागर घेऊन माझ्यामागं आली. "आई, तुझ्या एकटीच्यानं किती होणार," म्हणाली. भरून परत चढताना दरडीवर तिचा पाय सटकला. ती बसली आणि बसल्या बसल्याच घसरत खाली आली, मांडीवर घागर धरून, डोळे मोठे करून. घागरीतलं पाणी सांडलं नाही. अगदी तुझ्या रिळीतल्या माणसासारखी.

मन्मथ, देवाशपथ सांगते, पहिल्यांदा मला हसू आलं. माझ्या पोटच्या पोरीला, दिवस भरलेल्या पोरीला पडताना बघून. ते तोंडापर्यंत आलं. मी धावले. सिंधु म्हणते, "आई, घागर बघ आधी." बाकीच्या बायांनी तिला उचललं. त्यांच्याही तोंडावर मी ते बघितलं, आलेलं आणि गिळलेलं.

सरजाबाई सुईणीनं पोट चाचपलं. बाळ फिरतं आहे, ठीक आहे म्हणाली. पण मला झोप नाही. दुसऱ्याच्या पडण्याला हसतो तो वाईट, असं मी मानत आले. म्हणून तर तुझा हा धंदा मला कधी आवडला नाही. आता मी माझ्याकडं कसं बघू? हे हसू येतं कुठून? तू जन्मभर हेच करत आलास, तुला ठाऊक असेल तर लिही.

सरजाबाई असंही म्हणाली की बाळंतपणाला पाणी लागेल, तांब्याभर नव्हे, हंडे लागतील. आणि झऱ्याचं गढूळ पाणी ती बाळाला लावू देणार नाही. सिंधुला सासरी धाडावी तर तिकडंही तीच तऱ्हा, आणि आता एसटीचे धक्के तिला सोसायचे नाहीत.

सिंधु तुझ्यावर रागावलेली नाही. "मामा घाबरट हाय," म्हणते, "पन रीळ लई भारी लावतो." ये. मामा म्हणून ये. साहेबरावाच्या पायाला हात लाव आणि उलट पावली परत जा. मी जेवायला सुद्धा थांब म्हणणार नाही.

अक्का


॥ श्री मन्मथस्वामी प्रसन्न ॥

पांढरवाडी, ता. ८ मे

मन्मथ,

येतो म्हणून कार्ड टाकलंस. शुक्रवारी तुझे दाजी फाट्यावर उभे होते. नांदेडहून कंधारवरून येणारी गाडी आली. माणसं उतरली, कोंबड्या उतरल्या, एक लाकडी पलंग उतरला. तू उतरला नाहीस.

येणार नव्हतास तर येतो का लिहिलंस? तुझा होकार मी गावात सांगितला होता. चावडीपुढं सारवलं होतं. साहेबराव इस्त्रीची कापडं घालून खुर्चीवर येऊन बसला होता, पाय जरा पुढं काढून. गाव गोळा झालं होतं. दाजी एकटेच चालत आले तेव्हा साहेबरावानं आधी पाय मागं घेतले, मग तोंड उघडलं. "आता दुसऱ्यांदा हसं केलं माझं." आणि खरंच मागं कुणीतरी फिसकन हसलं होतं.

मी पदर घेऊन पुढं झाले. म्हटलं, "दादा, तो लहान आहे, मी मोठी. मी पाया पडते."

तो खुर्चीतून उठला. "बाईमानसाकडून पाया पडून घिऊ? उद्या त्याच्या बी गोष्टी सांगाल." मग म्हणाला, "ते मशीन तुमच्याकडं हाय ना? तीच रीळ पुन्हा लावा. त्या टबात मन्मथला बसवा. मला हसलं तसं गाव त्याला हसू द्या. फिटंफाट. दुसऱ्या दिवशी गाडी."

"मशीन चालवणार कोण?" कुणीतरी विचारलं.

मी म्हटलं, "मला येतं."

तुझ्या दाजींनी माझ्याकडं असं बघितलं की जणू दुसऱ्याची बायको आहे. लग्नाला इतकी वर्षं झाली, मी त्यांना हे कधी सांगितलं नव्हतं. माळेगावच्या जत्रेत आप्पांचा हात भरून आला की हँडल माझ्याकडं असायचं. तू तेव्हा पाळण्यात होतास. पडायच्या आधी हात जरा सावकाश, पडताना जलद, पडल्यावर पुन्हा सावकाश. हसू हँडलमध्ये असतं, असं आप्पा म्हणायचे. मी न्हातीधुती झाले आणि ते हँडल सुटलं.

तर मी हो म्हणून बसले आहे. आणि आता जीव थाऱ्यावर नाही. तुझं नाव आप्पांनी कपिलधारच्या स्वामींवरून ठेवलं. रोज पूजेत त्यांचं नाव घेते. तेच नाव मी नागव्या माणसाला देऊ? गावानं त्याला हसावं म्हणून? आणि नाही दिलं तर सिंधुचं काय? जंगमस्वामींना विचारायला गेले. ते म्हणाले, "बाई, हे पोथीत न्हाई."

अमावास्येच्या दुसऱ्या दिवशी अंधार पडला की लावायचं ठरलं आहे. तोवर तू आलास तर ठीक. मी वाट बघणार नाही असं ठरवलं आहे, आणि बघते आहे.

अक्का


॥ श्री मन्मथस्वामी प्रसन्न ॥

पांढरवाडी, ता. १५ मे

चि. मन्मथ यास आशीर्वाद.

झालं ते लिहिते. घाईत आहे, अक्षराकडं बघू नको.

त्या संध्याकाळी टँकर गावात आला. रिकामा. त्याच्या बॅटरीवर मशीनचा दिवा लावायचा होता म्हणून. तो चावडीपुढं उभा राहिला आणि बाया त्याच्या पोटाला हात लावून बघत होत्या, गार लागतं का म्हणून. सगळं गाव आलं होतं. साखराबाईला बाजेवर घालून आणलं होतं. साहेबराव खुर्चीवर. तुझे दाजी पडद्यापाशी उभे राहिले, वारा नसताना त्याची दोरी धरून.

मी पदर खोचला आणि हँडल धरलं. हाताला सगळं आठवत होतं. शेट आला, कपडे काढले, टबात बसला. साहेबराव म्हणाला, "हं, नाव घ्या."

मी हँडल फिरवत राहिले.

"अक्का, नाव घ्या म्हनलं ना."

तोंड उघडलं, पण नाव वर येईना. नोकरानं चावी पिळली, चावी हातात आली, पाणी सुटलं. कुणी हसत नव्हतं. मशीनची कटकट तेवढी ऐकू येत होती. मी म्हटलं, "आठवंना झालंय, दादा."

तेव्हा बाजेवरून साखराबाई बोलली. "आठवंना तर मी सांगते. साखराबाई न्हाऊन राहिली बघा!"

क्षणभर कुणाला कळलंच नाही. मग तुळजाबाई म्हणाली, "एकलीच बसती व्हय गं? सर की जरा, मला बी येऊ दे."

"ये, ये. पाठ चोळ माझी. खडीची भुकटी बसून बसून पाठीचा धोंडा झालाय."

"केस सोड आधी."

"डोईवरनं घे गं, डोईवरनं!"

"सासूबाई, तुमी बी या. साबन देऊ?"

"साबन नको बाई मला, नुसतं पानी दे."

पडद्यावर पाणी जिन्यावरून खाली आलं, तर मागून एक बाई ओरडली, "वाहू द्या, वाहू द्या! खाली माझी म्हैस हुबी हाय!" आणि मग जे हसू फुटलं, मन्मथ, ते मी माळेगावला सुद्धा ऐकलं नव्हतं. बाया एकमेकींच्या अंगावर पडत होत्या. गडी आधी लाजले, मग तेही आत शिरले. कुणी बैल धुतले, कुणी धोतर पिळलं. तो गोरा शेट कुणाच्या लक्षातच राहिला नाही.

आणि मी काय केलं सांगू? हात सावकाश केला. हसवायला जिथं जलद फिरवायचं तिथं फिरवलंच नाही. दिव्यानं रीळ जळेल याची भीती होती, वास यायला लागला होता, तरी पाणी जेवढं लांबवता येईल तेवढं लांबवलं. कोण जाणे पुन्हा कधी बघायला मिळेल.

रीळ संपली, पडदा पांढरा झाला. हसू एकदम बसलं. सगळ्यांचे घसे कोरडे पडले होते आणि प्यायला काही नव्हतं. हे विसरू नको. मी तुला गंमत सांगत नाही.

साहेबराव हसला नव्हता, रागावलाही नव्हता. खुर्चीत नुसता बसून होता. माणसं पांगायला लागली तसा तो माझ्याजवळ आला.

"मन्मथचं नाव तुमी घेतलं न्हाई."

"नाही घेतलं."

"मग मी गाडी कशी वळवू? माझं बी गावात तोंड हाय का न्हाई?" आवाज खाली होता. पहिल्यांदा वाटलं, हा माणूस पण अडकला आहे. गाडी सोडावी तर हरला, न सोडावी तर इतक्या बायांना न्हाताना बघून बसला आहे.

मी म्हटलं, "दादा, तुम्हीच सांगा."

त्यानं मशीनकडं बोट केलं. "हे माझ्या घरी राहील. पुन्हा कुनी कुनाचं नाव घेनार न्हाई. गावाला सांगता येईल, मी मशीन जप्त केलं म्हनून."

मी तुला विचारलं नाही. दाजींना विचारलं नाही. गेलेल्या आप्पांनाही विचारलं नाही. लुगड्यात बांधलं आणि त्याच्या हातात दिलं. माझ्या बापाची कमाई आणि तुझं पोट, दोन्ही त्या गाठोड्यात होतं, हे मला ठाऊक होतं. ठाऊक असून दिलं.

सकाळी टँकर आला. अर्धाच भरलेला होता, पण वेशीपाशी वळला.

आता तू कशावर जगशील, मला सांगता येत नाही. मावशीकडं राहा, जिनिंगमध्ये काम बघ, नाहीतर इथं येऊन माझ्याशी भांड. तू पत्र टाकणार नाहीस असं मला वाटतं. टाकू नको. पण मी माफी मागणार नाही, मन्मथ. तू गाडीतून उतरला असतास, तर ते गाठोडं तुझ्या खांद्यावर असतं.

आत सिंधु हाक मारते आहे, पहाटेपासून कळा येत आहेत. सरजाबाई आली आहे. चुलीवर मोठा हंडा ठेवला आहे, काठोकाठ. तो उतरवायला मला उठलं पाहिजे.

तुझी अक्का